बढतीचा हुकूम हातात, खुर्ची मात्र रिकामीच: बेळगाव भागातल्या सरकारी नोकरासाठी अवमान अर्जाची वाट

खानापूरच्या माझ्या एका सहकाऱ्याने न्यायाधिकरणाचा निकाल लागला त्या दिवशी अख्ख्या कचेरीला कुंदा वाटला होता. एसडीएचा एफडीए, म्हणजे द्वितीय श्रेणी सहायकाचा प्रथम श्रेणी सहायक व्हायचं, एवढीच त्याची मागणी. निकाल बाजूने लागला, खात्याला तीन महिन्यांची मुदत मिळाली. मुदत संपली आणि काहीच झालं नाही. हा भला माणूस दर महिन्याला एक स्मरणपत्र देत राहिला, पोच घेत राहिला. तेरा स्मरणपत्रं झाल्यावर तो वकिलाकडे गेला. वकिलांनी तारखा बघितल्या आणि कपाळाला हात लावला. मुदत संपून वर्ष उलटलं होतं. हुकूम न पाळल्याबद्दल अवमानाची कारवाई मागायचं दार कायद्याने एका वर्षात बंद होतं, आणि स्मरणपत्रांची चळत लावून ते उघडं ठेवता येत नाही.

माझी नोकरी आस्थापना शाखेत गेली. म्हणजे ज्या टेबलावर बढतीच्या फायली येऊन बसतात, त्या टेबलामागे मी होतो. त्यामुळे पुढचं सगळं वकिलाच्या नजरेतून कमी आणि फायलीच्या नजरेतून जास्त लिहिलं आहे. वकील लागतोच. पण अवमान अर्जाचं निम्मं भवितव्य मूळ अर्जातल्या मागणीच्या वाक्यावर ठरतं आणि उरलेलं तुमच्याकडच्या पोचपावत्यांवर. या दोन्ही गोष्टी वकिलापेक्षा तुमच्या हातात जास्त असतात.

दार कुठलं?

कर्नाटक राज्य सरकारच्या नोकराने बढतीसाठी थेट हायकोर्टात जायचं नसतं. 1985 च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याप्रमाणे आधी कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरण, ज्याला आपल्याकडे केएटी म्हणतात. त्याचं खंडपीठ बेळगावातच आहे, त्यामुळे पाचशे किलोमीटरवरच्या बेंगळूरूची वारी आता टळते. बिदर, भालकी, औरादच्या मंडळींना कलबुर्गी खंडपीठ. तहसीलदार कचेरी, सरकारी शाळा, आरोग्य, पोलीस, सार्वजनिक बांधकाम या खात्यांतले बहुतेक नोकर यात येतात.

काहीजण येत नाहीत, आणि इथेच लोक वर्ष वर्ष घालवतात. जिल्हा न्यायालयातला कारकून न्यायाधिकरणाकडे जाऊ शकत नाही, त्याचं दार हायकोर्टाचं धारवाड खंडपीठ. हेस्कॉम ही वीज कंपनी किंवा वायव्य कर्नाटक परिवहनचा कर्मचारीही धारवाडलाच. पोस्ट आणि रेल्वेवाले केंद्राच्या न्यायाधिकरणात, म्हणजे कॅटमध्ये. केएटी आणि कॅट ही दोन वेगळी दारं आहेत, उच्चारात गल्लत करू नका. अनुदानित खासगी शाळेच्या शिक्षकाची वाट तर निराळीच, ती शिक्षण कायद्यातून जाते.

ज्या दारातून हुकूम मिळाला, अवमानही त्याच दारात. न्यायाधिकरणाला स्वतःच्या अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा हायकोर्टाइतकाच अधिकार 1985 च्या कायद्याच्या कलम 17 ने दिलेला आहे. 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर न्यायाधिकरणं हायकोर्टाच्या देखरेखीखाली आली, तेव्हा हा अधिकार गेला की काय अशी शंका होती. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2000 मध्ये टी. सुधाकर प्रसाद प्रकरणात तो शाबूत असल्याचं सांगितलं. मात्र सरकार न्यायाधिकरणाच्या निकालाविरुद्ध धारवाडला गेलं आणि हायकोर्टाने स्वतः नवी मुदत घालून दिली, तर पुढचा अवमान हायकोर्टाचा. तिथे ही प्रकरणं सीसीसी या नावाने नोंदतात आणि दोन न्यायमूर्तींपुढे चालतात.

बढतीचा हक्क म्हणजे नेमका कशाचा हक्क

कडू आहे, पण आधीच गिळलेलं बरं. बढती मिळण्याचा हक्क कुणालाच नाही. बढतीसाठी विचार होण्याचा हक्क आहे. तो मात्र राज्यघटनेच्या कलम 16 मधला मूलभूत हक्क आहे. जागा रिकामी झाली त्या दिवसापासून बढती द्या, असंही सहसा कोर्ट म्हणत नाही. म्हणून पहिलं काम कागद गोळा करण्याचं: अंतिम ज्येष्ठता यादी आणि तीतला तुमचा क्रमांक, रिकाम्या जागांची संख्या, रोस्टर बिंदू (म्हणजे आरक्षणाच्या क्रमात ती जागा कुठे येते), तुमच्या विभागीय आणि कन्नड भाषा परीक्षांचे निकाल, पदोन्नती समितीच्या बैठकांची इतिवृत्तं. नसेल ते माहिती अधिकारात मागा. फी दहा रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस. प्रश्न 'का दिली नाही' असा विचारू नका, त्याला उत्तर मिळत नाही. 'अमुक तारखेपासून आजपर्यंत समितीच्या बैठका किती झाल्या, इतिवृत्ताच्या प्रती द्या' असं विचारा. 'बैठक झालेली नाही' हे एक ओळीचं उत्तर पुढे सोन्याच्या मोलाचं ठरतं.

ज्येष्ठता यादी अंतिम नसेल तर बढतीचं भांडण आत्ताच काढू नका. तात्पुरत्या यादीवर मुदतीत आक्षेप नोंदवा आणि यादी अंतिम करून घ्या. माझ्या टेबलावरून परत गेलेले बहुतेक दावे इथेच लटकलेले असत.

मग खात्याकडे मनवी, म्हणजे आपलं निवेदन. ती कन्नडात द्या. मराठीत देण्याचा आपला आग्रह मला कळतो आणि त्यासाठी मी मोर्चातही चाललो आहे, पण बढतीची फाईल ही ती लढाई नव्हे. मराठी पत्र आलं की 'भाषांतरासाठी' असा शेरा मारून ते दोन महिने बाजूला ठेवता येतं. मी ते होताना पाहिलं आहे. सोबत जोडायची मराठी कागदपत्रं असतील तर भाषांतर आधीच करून घ्या. हायकोर्टाचं कामकाज इंग्रजीत चालतं, तिथे ती तशीही लागणार.

सहा महिने उत्तर आलं नाही तर तिथून पुढे एक वर्षाच्या आत न्यायाधिकरणात अर्ज करायचा. नकाराचं उत्तर आलं तर त्या तारखेपासून एक वर्ष. दुसरी, तिसरी मनवी देऊन हे वर्ष लांबत नाही.

मागणीचं ते एक वाक्य

इथे थांबून वाचा. न्यायाधिकरणाकडे तुम्ही काय मागता त्याला वकील प्रेयर म्हणतात. निम्म्या अर्जांत लिहिलेलं असतं: 'अर्जदाराच्या निवेदनाचा कायद्यानुसार विचार करण्याचे आदेश द्यावेत.' असा हुकूम लवकर मिळतो, कधी पहिल्या दुसऱ्या तारखेलाच. वकील खूश, अशील खूश. पण या हुकुमाने खात्यावर पडणारी जबाबदारी फक्त विचार करण्याची. शेवटच्या आठवड्यात खातं एका पानाचं हिंबरह, म्हणजे लेखी उत्तर, देतं: 'विचार केला, मान्य करता येत नाही.' हुकूम पाळला गेला, अवमान संपला.

हे माझं मत नाही. 1996 साली जे. एस. परिहार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापुढे नेमका ज्येष्ठता यादीचाच वाद होता. कोर्टाच्या निर्देशानुसार अधिकाऱ्याने आदेश काढला, आणि तो चुकीचा असला, तरी त्या चुकीला अवमान म्हणता येत नाही. त्यावर नव्याने दाद मागावी लागते, असं न्यायालयाने ठरवलं. अवमान ऐकणारं कोर्ट मूळ हुकुमाच्या चार भिंतींबाहेर जात नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा पुन्हा सांगितलं आहे. मूळ हुकुमात जे नाही ते अवमानात मिळत नाही.

म्हणून अर्ज लिहितानाच वकिलांना सांगा की मागणीत चार गोष्टी हव्यात. काम कुणी करायचं, पदनामासह. काय करायचं, म्हणजे अमुक ज्येष्ठता यादीच्या आधारे पदोन्नती समितीची बैठक घेऊन अमुक संवर्गातल्या रिकाम्या जागेसाठी अर्जदाराचा विचार करायचा, आणि तो पात्र ठरल्यास बढतीचा आदेश काढायचा. किती दिवसांत. आणि कुठल्या तारखेपासूनचे लाभ द्यायचे. ही शेवटची गोष्ट, म्हणजे कनिष्ठ सहकाऱ्याला ज्या दिवशी बढती मिळाली त्या दिवसापासून ज्येष्ठता आणि वेतननिश्चिती, लोक हमखास विसरतात.

निवृत्ती दोन वर्षांवर आली असेल तर अंतरिम आदेशही मागा: निकाल लागेपर्यंत एक जागा राखून ठेवा, किंवा मधल्या बढत्या या अर्जाच्या निकालाच्या अधीन राहतील असं नोंदवा. निवृत्तीनंतर मागच्या तारखेची बढती मिळवणं किती अवघड आहे ते 2024 च्या अमल सत्पती निकालात दिसतं. तिथे माणूस पात्र होता, शिफारसही झाली होती, पण अंतिम मंजुरी यायच्या आत तो निवृत्त झाला आणि वरच्या पदाचा आर्थिक लाभ त्याला नाकारला गेला.

हुकूम आल्यावरचे पहिले आठ दिवस

हुकुमात बहुधा असं असतं की 'या आदेशाची प्रत मिळाल्यापासून तीन महिन्यांत'. म्हणजे घड्याळ निकालाच्या दिवशी सुरू होत नाही, प्रत साहेबांच्या कचेरीत पोचते तेव्हा सुरू होतं. सरकारी वकील कळवतील म्हणून वाट बघू नका. प्रमाणित प्रती काढा, एका पानाचं आवरणपत्र जोडा, आणि हुकुमात नाव असलेल्या प्रत्येक अधिकाऱ्याच्या आवक शाखेत स्वतः द्या. शिक्का, तारीख, आवक क्रमांक आणि सही, चारही हवेत. नुसता गोल शिक्का मारलेली पोच मी माझ्या टेबलावर असताना नाकबूल होताना पाहिली आहे. शिक्षण खात्यात असाल तर तालुक्याचे बीईओ (गटशिक्षणाधिकारी) आणि जिल्ह्याचे डीडीपीआय (शिक्षण उपसंचालक) यांच्यावर थांबू नका, धारवाडच्या अपर आयुक्तांपर्यंत प्रत गेली पाहिजे. बेंगळूरूच्या सचिवालयाला पोस्टाने. नोंदणी टपाल 2025 मध्ये स्पीड पोस्टात विलीन झालं आहे, तेव्हा काउंटरवर स्पीड पोस्ट नोंदणीसह मागा आणि पोचल्याचा पुरावाही घ्या. ऑनलाइन मागोव्याचं पान त्याच आठवड्यात छापून ठेवा, ते कायम दिसत राहत नाही.

मग दोन तारखा डायरीत लाल शाईने लिहा. एक, मुदत संपण्याची. दुसरी, तिथून बरोबर एक वर्षाची. ही दुसरी तारीख 1971 च्या न्यायालय अवमान कायद्याच्या कलम 20 मधून येते. 'बढती अजून दिली नाही म्हणजे अवमान रोज नव्याने घडतो आहे' हा युक्तिवाद चहाच्या टपरीवर फार चालतो. जुलै 2024 मध्ये एस. तिरुपती राव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो असा सहजासहजी मान्य होत नाही हे दाखवून दिलं आहे. त्याच्या भरवशावर बसू नका.

याच आठवड्यात वकिलाला धारवाडला कॅव्हेट दाखल करायला सांगा, म्हणजे सरकारला तुमच्या पाठीमागे एकतर्फी स्थगिती घेता येणार नाही. ते 90 दिवस टिकतं, नंतर पुन्हा करावं लागतं.

मुदत संपली, आता

लगेच अर्ज टाकता येतो. पण मी तरी आधी वकिलामार्फत पंधरा दिवसांची नोटीस द्यायला सांगतो. कायद्याने ती सक्तीची नाही. तिचा उपयोग वेगळाच आहे: अवमान म्हणजे हेतुपुरस्सर अवज्ञा, आणि हेतू सिद्ध करायचा तुम्ही. नोटिशीनंतरही हालचाल नसेल तर 'माहीत नव्हतं' हा बचाव उरत नाही. शिवाय पुष्कळ फायली या नोटिशीनेच हलतात. साहेबांच्या नावाची, पदाची नव्हे, नोटीस आली की तीच फाईल टेबलावर सर्वात वर येते. हे मी अनुभवाने सांगतो. मला त्या दिवशी दुपारचा डबा खायला वेळ मिळत नसे.

अर्ज 'कर्नाटक सरकार' विरुद्ध करून भागत नाही. हुकूम पाळणं ज्यांच्या हातात होतं त्या अधिकाऱ्यांची नावं घालावी लागतात. मुदतीत त्या खुर्चीवर कोण होतं, आज कोण आहे, बदली कधी झाली, हे आधी खात्री करून घ्या. बदलून आलेल्या साहेबांना हुकुमाची प्रत पुन्हा द्या, नाहीतर ते प्रामाणिकपणे म्हणतील की मला ठाऊकच नव्हतं. उगाच डझनभर नावंही घालू नका. ज्याच्या सहीशिवाय आदेश निघत नाही तो एक आणि ज्याने प्रस्ताव पाठवायचा तो एक, एवढ्याने बहुधा काम होतं.

जोडायचे कागद थोडके ठेवा: हुकुमाची प्रमाणित प्रत, पोचा, नोटीस, जागा रिकामी असल्याचा माहिती अधिकारातला कागद, समितीची बैठक झाली नसल्याचं उत्तर. माहिती होती, करणं शक्य होतं, तरी केलं नाही, या तीन खुंट्यांवर अर्ज उभा असतो. जुन्या अन्यायाचा इतिहास आणि सीमाप्रश्न त्यात आणू नका. सीमाप्रश्नाचा दावा 2004 पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. तुमच्या अर्जाला ती गती नको. महाधिवक्त्यांची संमती लागेल असं कुणी सांगितलं तर घाबरू नका, ती फौजदारी स्वरूपाच्या अवमानाला लागते, हुकूम न पाळण्याच्या दिवाणी अवमानाला नाही.

तारखांना काय काय ऐकायला मिळतं

पहिल्या तारखेला साहेबांना बोलावून कानउघाडणी होईल अशी आशा असेल तर ती सोडा. जानेवारी 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अधिकाऱ्यांना हजर करण्याबाबत कार्यपद्धती घालून दिली: ऊठसूट बोलावू नये, गरज पडली तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सिंगचा पर्याय द्यावा. सरकारी वकील उभे राहतात आणि वेळ मागतात, हेच नेहमीचं दृश्य.

'आम्ही हायकोर्टात गेलो आहोत', हे पहिलं उत्तर. नुसतं आव्हान दिल्याने हुकूम थांबत नाही, स्थगिती लागते. पण स्थगितीचा अर्ज पडून असेल तर अवमान ऐकणारं कोर्ट बहुधा थोडं थांबतं, हेही खरं. तुमच्या वकिलाने तो स्थगितीचा अर्ज लवकर बोर्डावर आणण्याची धडपड केली पाहिजे, ती सरकार करणार नाही.

'निवडणूक आचारसंहिता होती', 'वित्त खात्याची मंजुरी यायची आहे', 'अधिवेशन चालू आहे'. सुवर्ण विधानसौधमध्ये डिसेंबरात अधिवेशन भरलं की अर्धं सचिवालय बेळगावात असतं, तरी फाईल मात्र बेंगळूरूत अडकलेली असते. यावर एकच प्रश्न विचारायला लावा: मुदत संपायच्या आत वाढीव मुदतीचा अर्ज केला होता का? बहुतेकदा केलेला नसतो.

'नियम 32 खाली त्यांना वरच्या पदाचा स्वतंत्र प्रभार दिला आहे.' ही सर्वात गोड चकवणी. खुर्ची मिळते, दारावर पाटी लागते, घरचे खूश होतात. पण कर्नाटक नागरी सेवा नियमांतला प्रभार म्हणजे बढती नव्हे. तो स्वीकारायला हरकत नाही. स्वीकारताना 'माझ्या बढतीच्या हक्काला बाध न येता' असं लेखी द्या, आणि हा हुकुमाचा अंमल नाही हे कोर्टाला सांगा.

चौकशीचं कारण निघालं तर आरोपपत्राची तारीख बघा. 1991 च्या जानकीरामन निकालापासून नियम पक्का आहे: समितीची बैठक झाली त्या दिवसापर्यंत आरोपपत्र दिलेलं असेल तरच शिफारस बंद लिफाफ्यात जाते, म्हणजे चौकशी संपेपर्यंत राखून ठेवली जाते. नुसत्या तक्रारीवरून किंवा प्राथमिक चौकशीवरून बढती अडवता येत नाही.

एवढं होऊन शिक्षा किती? सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा 2,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आणि मनापासून माफी मागितली तर तीही सुटते. प्रत्यक्षात अधिकारी तुरुंगात जाण्याची वेळ क्वचित येते. मे 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आंध्रच्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला हायकोर्टाचा हुकूम धाब्यावर बसवल्याबद्दल पुन्हा तहसीलदार केलं. प्रकरण झोपड्या पाडल्याचं होतं, बढतीचं नव्हतं. पण आपल्या कचेऱ्यांत ती बातमी मोबाइलवरून किती फिरली, हे मला निवृत्तीनंतरही कळलं. तुम्हाला हवी असते बढती, साहेबांची कैद नव्हे. कोर्टही तसंच बघतं: पुढच्या तारखेआधी आदेश काढून आणला की प्रकरण मिटवतं. एखाद्या महिन्यात सोक्षमोक्ष लागेल असं मात्र समजू नका. बी. के. पवित्रा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी 2017 मध्ये कर्नाटक सरकारला ज्येष्ठता याद्या सुधारायला तीन महिने आणि पुढच्या कारवाईला आणखी तीन महिने दिले होते. तिथेही अवमान याचिकांपर्यंत गोष्ट गेलीच.

अवमान अर्ज फेटाळला तर त्यावर अवमान कायद्याखाली अपील नाही. अपील शिक्षा झालेल्याला आहे. मग वाटा दोन. नकाराचा नवा आदेश निघाला असेल तर त्याला आव्हान देणारा नवा अर्ज, एक वर्षाच्या आत. आणि काहीच आदेश निघालेला नसेल तर 1985 च्या कायद्याच्या कलम 27 खाली हुकुमाच्या अंमलबजावणीचा अर्ज. माझ्या कुंदावाल्या मित्राने शेवटी हीच दुसरी वाट धरली, कारण पहिलं दार त्याने स्वतःच्या हाताने बंद होऊ दिलं होतं.

बढतीचा आदेश आला, तरी लगेच सही करू नका

सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी आदेश हातात येतो आणि साहेबांचा माणूस म्हणतो, 'उद्या कोर्टात सांगा की मिटलं म्हणून.' आदेश वाचा. बढती कुठल्या तारखेपासून आहे? 'तात्पुरती' किंवा 'पुढील आदेशापर्यंत' असे शब्द आहेत का? नेमणुकीची जागा खरोखर रिकामी आहे का? रामदुर्गात भरलेल्या जागेवर नेमणूक देऊन रुजूच होऊ न देणं, हाही जुना खेळ आहे. कनिष्ठाच्या तारखेपासूनची ज्येष्ठता आणि वेतननिश्चिती हुकुमात होती, तर ती आदेशात आली आहे का? काही राहिलं असेल तर वकिलाकडून तेवढंच लेखी नोंदवून घ्या, आणि प्रकरण बंद होतानाच्या आदेशात 'उरलेल्या लाभांसाठी अर्जदाराला दाद मागण्याची मोकळीक' ही ओळ मागा. रुजू झाल्याचा अहवाल त्याच दिवशी द्या, सकाळी. आणि त्याचीही पोच घ्या, आवक क्रमांकासह.